नऊ ऑगस्ट कुणाचा?

भिंतीवरच्या दिनदर्शिकेचे पान म्हणजे तीस-एकतीस खोल्यांची एक चाळच असते. एकाच चौकोनात एकादशी असते, चंद्रोदयाची वेळ असते, दूधवाल्याच्या खाड्याची फुली असते, गॅसचे नवे सिलिंडर लावल्याची नोंद असते आणि अगदी तळाशी, चष्मा चढवल्याखेरीज वाचता येणार नाही अशा बारीक टायपात, कुणाची तरी जयंती किंवा पुण्यतिथी असते. 'दिनविशेष' हे सदर मराठी घरांना नवे नाही. शाळेच्या फळ्यावर ते रोज लिहिले जाई, रेडिओवर ऐकू येई, वर्तमानपत्राच्या कोपऱ्यात छापले जाई. आता ते भल्या सकाळी मोबाइलच्या पडद्यावर फुलांच्या चित्रासकट येऊन पडते. माध्यम बदलले, यादी तीच राहिली. अमुक साली युद्ध, तमुक साली शोध, अमक्यांचा जन्म, तमक्यांचा मृत्यू. वाचायचे, 'अरे वा' म्हणायचे आणि चहाचा कप मोरीत ठेवायला उठायचे.

या यादीशी भांडण असण्याचे काही कारण नाही. भांडण आहे ते ती नुसती यादीच राहते याच्याशी. एका खोलीत चार बिऱ्हाडे राहत असतील, तर ती एकमेकांशी बोलतात की नाही, भांडतात की नाही, निदान एकमेकांना ओळखतात की नाही, हे विचारावेसे वाटले पाहिजे. तारखांच्या बाबतीत हा प्रश्न आपण विचारतच नाही. उलट, प्रत्येक बिऱ्हाडाला ती खोली एकट्याचीच वाटते.

महाराष्ट्राला याचे उदाहरण शोधायला लांब जायला नको. १ ऑगस्ट १९२० ची पहाट होण्यापूर्वी मुंबईच्या सरदारगृहात लोकमान्य टिळकांनी देह ठेवला. त्याच १ ऑगस्ट १९२० रोजी वाळवे तालुक्यातील वाटेगावात एका मातंग कुटुंबात तुकाराम नावाचा मुलगा जन्मला. पुढे जग त्याला अण्णा भाऊ साठे म्हणून ओळखू लागले. त्याच दिवशी देशात असहकाराच्या चळवळीचा प्रारंभ झाला. एक युग संपले, दुसरे सुरू झाले आणि ज्याला शाळेने जवळजवळ नाकारलेच, अशा एका साहित्यिकाने पहिला श्वास घेतला. आज महाराष्ट्रातल्या अनेक शाळांत १ ऑगस्टला एकाच मेजावर दोन तसबिरी मांडल्या जातात. दोन्ही तसबिरींना हार घातला जातो, दोन विद्यार्थी पाठ केलेली दोन भाषणे करतात. पण ही दोन माणसे एकमेकांना काय म्हणाली असती, हा प्रश्न त्या मेजावर मांडला जात नाही. खरे तर त्या दिवशी मुलांना विचारण्याजोगा तोच एक प्रश्न आहे.

तारखेत काय असते?

सुरुवातीलाच एक गोष्ट स्पष्ट केलेली बरी. तारखेत कसलीही शक्ती नसते. वर्षाचे दिवस ३६५, फार तर ३६६. घडून गेलेल्या नोंदण्याजोग्या घटना लाखो. तेव्हा कुठलीही तारीख घ्या, तिच्या पोटात पाच-पंचवीस मोठ्या घटना सापडणारच. संख्याशास्त्रज्ञ एक गंमत सांगतात: कुठेही २३ माणसे जमली, तर त्यांपैकी कुणातरी दोघांचा वाढदिवस एकाच दिवशी असण्याची शक्यता निम्म्याहून अधिक असते. साठ मुलांच्या वर्गात तर ती शंभरात नव्याण्णवांच्या वर जाते. योगायोग आपल्याला वाटतात त्यापेक्षा फार स्वस्त असतात. त्यांवरून कुणी आकड्यांचे गूढ उकलायला बसले, तर त्यांना नमस्कार करून पुढे जावे.

दुसरे असे की, तारीख ही माणसाने केलेली सोय आहे आणि प्रत्येकाची सोय वेगळी. शेक्सपिअर आणि सर्व्हान्तिस हे दोन थोर लेखक २३ एप्रिल १६१६ या एकाच दिवशी गेले, असे मोठ्या कौतुकाने सांगितले जाते. या तारखेच्या आठवणीनेच युनेस्कोने १९९५ पासून तो दिवस जागतिक पुस्तक दिन म्हणून पाळायला सुरुवात केली. पण त्या वेळी स्पेनने नवे ग्रेगोरियन पंचांग स्वीकारले होते आणि इंग्लंड जुन्या ज्युलियन पंचांगाला धरून होते. दोहोंत दहा दिवसांचे अंतर. त्यातून सर्व्हान्तिसचा मृत्यू २२ तारखेचा आणि दफन २३ चे, असे अभ्यासक मानतात. म्हणजे तारीख एक, दिवस मात्र वेगळे. रशियाची 'ऑक्टोबर क्रांती' बाकीच्या जगाच्या नोव्हेंबरात झाली. आणि तिथी की तारीख, हा वाद तर आपल्या घरचाच. शिवजयंती सरकारी पातळीवर १९ फेब्रुवारीला होते आणि फाल्गुन वद्य तृतीयेलाही अनेक ठिकाणी तितक्याच उत्साहाने होते. राजे तेच, दिवस दोन.

मग या तारखांचा उपयोग काय? उपयोग एवढाच, की तारीख शेजार घडवते. इतिहासाच्या पुस्तकात जी माणसे कधी एका प्रकरणात येणार नाहीत, त्यांना ती एका ओट्यावर आणून बसवते. विषयवार, देशवार, जातवार, पक्षवार लावलेल्या इतिहासाच्या कप्प्यांना तारखेचा एक आडवा छेद मिळतो. त्या छेदातून काय दिसते, ते पाहण्यासाठी आपल्या चांगल्या ओळखीची एक तारीख घेऊ: ९ ऑगस्ट.

काकोरीची संध्याकाळ

महाराष्ट्रात ९ ऑगस्ट म्हटले की १९४२ आठवते. पण त्याच्या सतरा वर्षे आधी, ९ ऑगस्ट १९२५ च्या संध्याकाळी, लखनौकडे निघालेली एक पॅसेंजर गाडी काकोरी स्टेशन सोडल्यावर साखळी ओढून थांबवण्यात आली. हिंदुस्थान रिपब्लिकन असोसिएशनचे दहा तरुण गाडीत होते. रामप्रसाद बिस्मिल, अशफाकउल्ला खान, राजेंद्रनाथ लाहिरी, चंद्रशेखर आझाद ही त्यांतली नावे. गार्डाच्या डब्यातली सरकारी खजिन्याची पेटी फोडली गेली. पुढे मोठा खटला झाला. लाहिरींना १७ डिसेंबर १९२७ रोजी गोंड्याच्या तुरुंगात, तर बिस्मिल, अशफाकउल्ला आणि रोशनसिंह यांना दोन दिवसांनी, १९ डिसेंबरला, तीन वेगवेगळ्या तुरुंगांत फाशी देण्यात आली. यांतले रोशनसिंह त्या संध्याकाळी गाडीत नव्हतेच. आरोपींत बुलढाणा जिल्ह्यातल्या चिखलीचे रामकृष्ण खत्रीही होते. त्यांना दहा वर्षांची शिक्षा झाली. मराठी मुलखाचा या दिवसाशी असलेला हा धागा आपल्याकडे फारसा कुणी सांगत नाही.

आणखी एक गोष्ट सांगितली जात नाही. त्या संध्याकाळी क्रांतिकारकांच्या पिस्तुलातून सुटलेल्या एका गोळीने गाडीतल्या एका प्रवाशाचा बळी गेला. कुणाला मारायचे असा बेत नव्हता. तो अपघात होता. पण माणूस गेला तो गेलाच. खटल्याच्या कागदपत्रांत त्याचे नाव आहे, शाळेच्या पुस्तकात नाही. बिस्मिल आणि अशफाकउल्लांच्या त्यागाला याने रतिभरही उणेपणा येत नाही. पण दिनविशेषाच्या ओळीत न मावणारे माणूस प्रत्येक तारखेच्या तळाशी असते, एवढे तरी यातून लक्षात राहावे.

पुढारी नसलेला दिवस

८ ऑगस्ट १९४२ च्या रात्री मुंबईच्या गवालिया टँक मैदानावर काँग्रेस महासमितीने 'छोडो भारत'चा ठराव मंजूर केला. गांधीजींनी 'करेंगे या मरेंगे'चा मंत्र दिला. 'क्विट इंडिया' हे नेमके शब्द सुचवण्याचे श्रेय मुंबईचे तेव्हाचे महापौर युसुफ मेहेरअली यांना दिले जाते. या मैदानापासून हाकेच्या अंतरावर गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत १८८५ साली काँग्रेसचे पहिले अधिवेशन भरले होते. अर्ज-विनंत्यांनी सुरू झालेला रस्ता सत्तावन्न वर्षांनी त्याच परिसरात 'चालते व्हा' इथवर येऊन पोहोचला.

९ तारीख उजाडण्यापूर्वीच सरकारने जाळे टाकले. गांधीजी पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये, नेहरू, पटेल, मौलाना आझाद आणि इतर कार्यकारिणी अहमदनगरच्या किल्ल्यात. संध्याकाळी शिवाजी पार्कवर गांधीजींच्या जागी बोलायला निघालेल्या कस्तुरबांनाही अटक झाली. सकाळी त्याच गवालिया टँकवर तेहतीस वर्षांच्या अरुणा असफअलींनी तिरंगा फडकवला. पोलिसांनी अश्रुधूर सोडला, लाठ्या चालवल्या.

म्हणजे आपण ज्याला क्रांतिदिन म्हणतो, तो दिवस पुढाऱ्यांच्या भाषणांचा नव्हे. भाषणे आदल्या रात्री झाली होती. ९ ऑगस्ट हा पुढारी गजाआड गेल्यानंतरचा पहिला दिवस होता आणि त्या दिवशी, त्या आठवड्यात, त्या वर्षात जे काही झाले ते ज्यांना कुणी काय करायचे हे नीटसे सांगितलेच नव्हते अशा माणसांनी केले. १६ ऑगस्टला चिमूर पेटले. साताऱ्याकडे नाना पाटलांचे प्रतिसरकार उभे राहिले. मुंबईत उषा मेहता आणि त्यांच्या सोबत्यांनी गुप्त रेडिओ चालवला. आणि बरोबर एक महिन्याने, ९ सप्टेंबर १९४२ रोजी, नंदुरबारमध्ये मिरवणुकीत तिरंगा घेऊन निघालेला पंधरा वर्षांचा शिरीषकुमार मेहता आपल्या चार सोबत्यांसह पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडला. आज दहावीच्या परीक्षेला बसणाऱ्या मुलाचे ते वय. क्रांतिदिनाच्या व्यासपीठावर खुर्च्यांच्या क्रमावरून रुसणाऱ्या मंडळींनी हे वय एकदा आठवून पाहावे.

त्याच दिवशी, दूर उत्तरेला

गवालिया टँकवर अश्रुधूर पसरला त्याच दिवशी, म्हणजे ९ ऑगस्ट १९४२ लाच, रशियातल्या लेनिनग्राड शहरात एक मैफल झाली. शहराला जर्मन सैन्याचा वेढा पडून अकरा महिने झाले होते. आदल्या हिवाळ्यात माणसे रस्त्यात चालता चालता भुकेने कोसळत होती. दिमित्री शोस्ताकोविच या संगीतकाराने आपली सातवी सिंफनी या शहराला अर्पण केली होती आणि ती या शहरात वाजवायचीच असे ठरले होते. पण वाजवणार कोण? रेडिओच्या वाद्यवृंदातले कित्येक वादक उपासमारीने मेले होते. पहिल्या तालमीला पंधराएक जण कसेबसे आले आणि तुताऱ्या फुंकण्याइतकेही त्राण नसल्याने ती तालीम पंधरा-वीस मिनिटांत आटोपावी लागली. मग आघाडीवरच्या पलटणींतून वाद्ये वाजवता येणारे सैनिक मागवले गेले, वादकांना थोडा जास्त शिधा मिळू लागला आणि कार्ल एलियासबर्ग या काटकुळ्या संचालकाने त्यातून वाद्यवृंद उभा केला. मैफलीच्या वेळी शत्रूच्या तोफा गप्प राहाव्यात म्हणून सोव्हिएत तोफखान्याने आधी त्यांच्यावर जोरदार मारा केला. ध्वनिक्षेपकांवरून सिंफनी शहरभर ऐकवली गेली. वेढा घालून बसलेल्यांच्या कानांवरही ती पडली. वेढा उठायला त्यानंतर जवळजवळ दीड वर्ष लागले.

मुंबई आणि लेनिनग्राड यांचा त्या दिवशी एकमेकांशी काहीही संबंध नव्हता. उलट, जागतिक राजकारणाच्या पटावर मुंबईतली चळवळ ज्या ब्रिटनविरुद्ध होती, ते ब्रिटन लेनिनग्राडचे मित्रराष्ट्र होते. हिटलरशी झुंजणाऱ्या ब्रिटनला या वेळी कोंडीत पकडावे का, या प्रश्नावर आपल्याकडेही तीव्र मतभेद होते. कम्युनिस्ट पक्ष त्याच कारणाने चळवळीबाहेर राहिला. ज्या लेनिनग्राडची मैफल ऐकून ऊर भरून येतो, त्याच लेनिनग्राडच्या काळजीने काही माणसे गवालिया टँकपासून दूर राहिली. एकाच तारखेचा शेजार हा असा असतो. तो आपल्या सोप्या उत्तरांना सुखाने झोपू देत नाही.

ढगांनी वाचवलेले आणि ढगांनी मारलेले

तीन वर्षांनी, ९ ऑगस्ट १९४५ रोजी, अमेरिकेचे एक बॉम्बफेकी विमान जपानमधल्या कोकुरा शहरावर घिरट्या घालत होते. बॉम्ब त्या शहरावर टाकायचा होता. पण खाली धुरकट होते, लक्ष्य दिसेना. तीनदा प्रयत्न करून विमान वळले ते नागासाकीकडे. तिथेही ढग होते; पण ढगांत एक फट सापडली. सकाळी अकरा वाजून दोन मिनिटांनी बॉम्ब फुटला. वर्ष संपेपर्यंत सुमारे सत्तर हजार माणसे मेली. कोकुरातल्या माणसांना आपण कशातून वाचलो, याचा त्या सकाळी पत्ताही नव्हता.

आदल्याच दिवशी, ८ ऑगस्टला, लंडनमध्ये विजेत्या राष्ट्रांनी एका सनदेवर सह्या केल्या होत्या. मानवतेविरुद्धचे गुन्हे कशाला म्हणायचे आणि ते करणाऱ्यांवर खटले कसे चालवायचे, हे त्या सनदेत होते. सह्यांची शाई वाळते न वाळते तोच दुसऱ्या दिवशी नागासाकी. यावर भाष्याची गरज नाही. तारखा शेजारी शेजारी ठेवल्या की त्या आपोआप बोलतात, ते असे.

आपल्या क्रांतिदिनाच्या कार्यक्रमात नागासाकीसाठी एक मिनिट स्तब्ध उभे राहिले, तर काय बिघडेल? आपला उत्सव आणि त्यांचा शोक यांत विरोध आहे असे वाटते. पण ज्या माणसाने त्या मैदानावरून मंत्र दिला त्याला तो विरोध वाटला नसता, एवढे खात्रीने म्हणता येईल. पुढे १९४६ साली त्याने अणुबॉम्बविषयी 'हरिजन'मध्ये लिहिले, ते निषेधाचेच होते.

प्रिटोरियाचा अर्धा तास

आता ९ ऑगस्ट १९५६. दक्षिण आफ्रिकेतल्या गोऱ्या सरकारने काळ्या माणसांना सदैव परवान्याचे पुस्तक जवळ बाळगण्याची सक्ती केली होती. पास नसेल तर तुरुंग. ही सक्ती स्त्रियांवरही लादली जाऊ लागली, तेव्हा देशाच्या कानाकोपऱ्यांतून सुमारे वीस हजार स्त्रिया प्रिटोरियाच्या युनियन बिल्डिंग्ज या सरकारी कचेरीसमोर जमल्या. कुणी मोलकरणी, कुणी कामगार, कुणी शिवणकाम करणाऱ्या. कित्येकींच्या पाठीला मुले बांधलेली. लिलियन एन्गोयी, हेलन जोसेफ, सोफिया विल्यम्स आणि ट्रान्सवाल इंडियन काँग्रेसच्या रहिमा मूसा या चौघी पुढे होत्या: एक काळी, एक गोरी, एक मिश्रवंशीय, एक भारतीय समाजातली. सह्यांच्या अर्जांचे गठ्ठे त्यांनी पंतप्रधानांच्या कचेरीच्या दारात नेऊन ठेवले. पंतप्रधान अर्थातच नव्हते. मग त्या वीस हजार स्त्रिया अर्धा तास नि:शब्द उभ्या राहिल्या. घोषणा नाही, कुजबुज नाही.

याच भूमीवर १९०८ साली जोहान्सबर्गच्या एका मशिदीच्या आवारात गांधीजींच्या नेतृत्वाखाली भारतीयांनी आपली नोंदणीपत्रे कढईत टाकून जाळली होती, हे आपल्याला ठाऊक असते. अठ्ठेचाळीस वर्षांनी तशाच कागदाविरुद्ध या स्त्रिया उभ्या राहिल्या, हे मात्र ठाऊक नसते. वर्णद्वेषाची राजवट संपल्यावर दक्षिण आफ्रिकेने ९ ऑगस्ट हा राष्ट्रीय महिला दिन केला. तिकडे त्या दिवशी सार्वजनिक सुटी असते.

एकाच गावात दोन मिरवणुका

आणि आता तो शेजार, जो आपल्या अगदी दारात आहे. ९ ऑगस्ट १९८२ रोजी जिनिव्हात संयुक्त राष्ट्रांच्या मूलनिवासी समाजांविषयीच्या कार्यगटाची पहिली बैठक भरली. तिची आठवण म्हणून १९९४ च्या डिसेंबरात संयुक्त राष्ट्रांनी ९ ऑगस्ट हा जगातील मूलनिवासींचा आंतरराष्ट्रीय दिवस ठरवला. महाराष्ट्रात आपण त्याला आदिवासी दिन म्हणतो. पालघर, नाशिक, नंदुरबार, गडचिरोली या भागांत त्या दिवशी तारपा आणि ढोल वाजतात, पारंपरिक पोशाखातल्या मिरवणुका निघतात, तरुण मुले-मुली हजारोंनी रस्त्यावर येतात.

म्हणजे एकाच सकाळी हुतात्मा चौकात पुष्पचक्र वाहिले जाते आणि त्याच रस्त्याने आदिवासी दिनाची मिरवणूक जाते. अनेकदा दोन्हीकडची माणसे वेगळी असतात. क्रांतिदिनवाल्यांतल्या काहींना वाटते की बाहेरून आलेल्या या दिवसाने आपल्या राष्ट्रीय दिवसावर सावली पडते. आदिवासी दिनवाल्यांतल्या काहींना वाटते की ही क्रांती आमच्या पाड्यापर्यंत कधी आलीच नाही. २०११ च्या जनगणनेनुसार महाराष्ट्रात आदिवासींची संख्या एक कोटीच्या वर, लोकसंख्येच्या नऊ टक्क्यांहून अधिक आहे. नंदुरबार जिल्ह्यात तर ते दहांतले जवळजवळ सात आहेत. तेव्हा हा वाद क्षुल्लक म्हणून उडवून लावण्यासारखा नाही.

पण दोन्ही समजुती अर्ध्याच खऱ्या आहेत. इंग्रजांविरुद्धची लढाई १९४२ मध्ये सुरू झाली नव्हती. अकोल्याच्या डोंगरांत महादेव कोळ्यांचे बंड उभारणारे राघोजी भांगरे २ मे १८४८ रोजी ठाण्याच्या तुरुंगात फासावर गेले, तेव्हा १८५७ देखील उजाडायचे होते. खानदेशच्या सीमेवर खाज्या नाईकांनी भिल्लांना घेऊन १८५७-५८ मध्ये इंग्रजी फौजेला सळो की पळो करून सोडले. चालते व्हा, हे या मंडळींनी गवालिया टँकच्या कितीतरी आधी, आपल्या भाषेत आणि आपल्या बाणांनी सांगितले होते. मग त्यांचा दिवस आणि क्रांतिदिन एकाच चौकोनात आले, तर ते अतिक्रमण कसे? ते तर उशिरा का होईना, घरी परतणे झाले. आणि उलट बाजूनेही, नंदुरबारच्या ज्या चौकात पंधरा वर्षांचा गुजरातीभाषक मुलगा झेंडा हातात घेऊन पडला, तो चौक त्या जिल्ह्यातल्या आदिवासी मुलांना परका वाटावा, हे त्या मुलाच्या रक्ताशी न्याय करणारे नाही. त्याने कुणा एका समाजाचे स्वातंत्र्य मागितले नव्हते.

फरक एवढाच, की शिरीषकुमारला जे हवे होते ते १९४७ साली मिळाले आणि आदिवासी दिनाच्या फलकांवर जे लिहिलेले असते, म्हणजे जल, जंगल, जमीन, ते अजून पुरते मिळालेले नाही. १९९६ मध्ये पेसा कायदा झाला, २००६ मध्ये वनहक्क कायदा झाला. कायदे झाले याचा आनंद आहेच, पण वनहक्काचे दावे घेऊन कचेऱ्यांचे उंबरे झिजवणारी माणसे आजही आहेत. क्रांतिदिनाच्या व्यासपीठावरून या एका विषयावर दहा मिनिटे बोलले गेले, तर दोन मिरवणुकांमधले अंतर पुष्कळ कमी होईल.

शेजारधर्म

यादी आणखी लांबवता येईल. ९ ऑगस्टलाच १९६५ साली सिंगापूर मलेशियापासून वेगळे झाले; १९७४ साली अमेरिकेचे अध्यक्ष निक्सन पायउतार झाले. पण यादी लांबवणे हा उद्देश नाही. काकोरी, मुंबई, लेनिनग्राड, नागासाकी, प्रिटोरिया आणि नंदुरबार यांना एका दोऱ्यात ओवणारा धागा तारखेत नाही. तो आपण शोधायचा असतो. आणि शोधला तर दिसतो. या सगळ्या दिवसांत केंद्रस्थानी सत्ताधीश नाहीत. पुढारी तुरुंगात आहेत, पंतप्रधान कचेरीत नाहीत, सेनापतीला खालची माणसे ढगांमुळे दिसतच नाहीत. उरतात ती भुकेले वादक, मुले पाठीला बांधलेल्या बाया, शाळकरी पोरे आणि गाडीतून सहज प्रवासाला निघालेला कुणी एक. तारीख लक्षात राहते ती त्यांच्यामुळे आणि यादीतून गळतात तेही तेच.

यावर कुणी म्हणेल की सगळेच एकत्र आठवायचे म्हटले तर काहीच नीट आठवत नाही. चार देवांची पूजा मांडली की एकाचीही धड होत नाही. आक्षेपात तथ्य आहे. म्हणूनच सगळे आठवा, असे म्हणणे नाही. म्हणणे एवढेच, की आपले बिऱ्हाड मांडताना भिंतीपलीकडे कोण राहते याची चौकशी करावी. चाळीत सणासुदीला आपल्या घरचे ताट शेजारी जात असे आणि त्यांच्याकडून रिकामे परत येत नसे. तारखांचेही तसेच व्हावे. क्रांतिदिनाच्या ताटात वाटीभर नागासाकी असावी, आदिवासी दिनाच्या ताटात शिरीषकुमार असावा, १ ऑगस्टला लोकमान्यांवर बोलणाऱ्या मुलाला अण्णा भाऊंवर दोन वाक्ये बोलायला सांगावे आणि अण्णा भाऊंवर बोलणाऱ्याला लोकमान्यांवर.

याला सरकारी परिपत्रक लागत नाही. घरात मुलांचा वाढदिवस असतोच. मूल दहा-बारा वर्षांचे झाले की त्या तारखेला जगात आणखी काय काय घडले, ते त्याच्यासोबत बसून शोधावे. चांगल्यातले एक निवडावे, वाइटातले एक निवडावे. मग विचारावे, त्या दिवशी तिथे तुझ्या वयाचे कुणी असेल का आणि ते काय करत असेल? मूल उत्तर देईल ते बरोबर की चूक, याला महत्त्व नाही. त्याला हा प्रश्न पडला, म्हणजे इतिहास सनावळीतून सुटून त्याच्यापर्यंत पोहोचला.

आणि राज्यात गावोगावी १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला उभारलेली हुतात्मा स्मारके आहेत. त्यांतल्या पुष्कळांना वर्षातून एकदा झाडू लागतो तो याच ९ ऑगस्टला. या वर्षी तिथे गेलात तर फलकावरची नावे मोठ्याने वाचा. सोबत आलेल्या मुलांनाही वाचू द्या. त्या नावांपुढे गावे लिहिलेली असतात, क्वचित वयेही. पुष्कळशा नावांची आडनावे आपल्या शेजाऱ्यांची निघतील.